आकाशातील गूढ आणि दफ्तरातील मौन

२४ जून १९४७ रोजी अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यात माउंट रेनियर या हिमाच्छादित शिखराजवळून स्वतःचे लहानसे विमान चालवीत असता केनेथ अर्नोल्ड या वैमानिकास नऊ तेजस्वी वस्तू रांगेने वेगात जाताना दिसल्या, तेव्हा त्याने विस्मयाने भान हरपू न देता घड्याळाकडे दृष्टी लावली, रेनियर आणि ॲडम्स या दोन शिखरांमधील अंतर कापण्यास त्यांना लागलेला १ मिनिट ४२ सेकंद एवढा अवधी टिपून घेतला आणि त्यावरून ताशी हजार मैलांहून अधिक असा वेग काढला. त्या वस्तू कोणत्या, याचा निर्विवाद उलगडा अद्याप झालेला नाही. तथापि साक्षीदाराने आपले कर्तव्य चोख बजावले होते, हे मान्य केलेच पाहिजे.

सरकारने मात्र आपले कर्तव्य तितक्या चोखपणे बजावले नाही. त्याच वर्षीच्या जुलैत रॉसवेल येथील लष्करी तळाने उडती तबकडी हाती लागल्याचे जाहीर केले आणि लगेच तिला हवामान-निरीक्षणाचा फुगा ठरविले. सोव्हिएत अणुस्फोटांचा कानोसा घेण्यासाठी सोडलेल्या गुप्त फुग्यांचे ते अवशेष असावेत, हा खुलासा १९९४ साली झाला. ७ जानेवारी १९४८ रोजी केंटकीवरील आकाशात चकाकणाऱ्या एका वस्तूचा पाठलाग करीत, प्राणवायूची सोय नसतानाही उंच चढत गेलेला कॅप्टन थॉमस मँटेल विमान कोसळून मृत्युमुखी पडला, तेव्हा ती वस्तू शुक्र ग्रह असावी असे आधी सांगण्यात आले. ती बहुधा नौदलाच्या गुप्त योजनेतील प्रचंड बलून असावी, ही संभाव्यता कालांतराने पुढे आली. तोवर परग्रहावरील यानांच्या वदंतेने जनमानसात मूळ धरले होते.

अमेरिकी वायुदलाने १९६९ पर्यंत गोळा केलेल्या अशा १२,६१८ प्रकरणांपैकी ७०१ अनिर्णित राहिली. हा अवशेष परग्रहवासीयांच्या आगमनाचा पुरावा होऊ शकत नाही, हे जितके खरे, तितकेच त्यावरून साक्षीदारांची टवाळी करणे अशास्त्रीय आहे, हेही खरे. राष्ट्रसंरक्षणासाठी काही काळ गुप्तता राखणे क्षम्य असेल. परंतु तिची निकड संपताच दफ्तर खुले करणे आणि तोवर खोटा खुलासा न देणे, एवढी मर्यादा प्रत्येक सरकारने स्वतःवर घालून घेतलीच पाहिजे, कारण एकदा फसविल्या गेलेल्या जनतेला पुढे सत्य सांगितले तरी तिचा त्यावर विश्वास बसत नाही.