ग्लोव्हज काढल्यावरही संघात

चंद्रकांत पंडित यांच्या नावावर कसोटी सामने जेमतेम 5. यष्टिरक्षक म्हणून नाव झालेले पंडित जून 1986 मध्ये हेडिंग्लेला पहिली कसोटी खेळले ते निव्वळ फलंदाज म्हणून. ग्लोव्हज किरण मोरे यांच्याकडे होते. त्याच वर्षी मद्रासच्या बरोबरीत सुटलेल्या कसोटीत त्यांनी 35 आणि 39 धावा केल्या, शिवाय मोरे आजारी पडल्यावर यष्टींमागेही तेच उभे राहिले. 1987 च्या विश्वचषकात वानखेडेवरच्या उपांत्य सामन्याला पोटाच्या दुखण्याने वेंगसरकर मुकले. त्यांच्या जागी पुन्हा पंडितच, धावा 24. प्रथमश्रेणीत 8 हजारांवर धावा, 22 शतके. 

ग्लोव्हज काढून निव्वळ फलंदाजीच्या जोरावर खेळवण्याची ही सोय अमेरिकेतल्या बेसबॉलमध्येही जुनीच आहे. मिनेसोटाच्या जो मॉवरने कॅचर, म्हणजे बेसबॉलचा यष्टिरक्षक, असताना फलंदाजीची 3 विजेतेपदे मिळवली. 2013 मध्ये डोक्याला मार बसल्यावर संघाने त्याला पहिल्या बेसवर उभे केले. त्याची बॅट आणखी 5 हंगाम चालली.

गोव्यातल्या पेडणे-डिचोलीच्या मुलाला मात्र ही मुभा निवड चाचणीच्या अर्जावरच नाकारली जाते. फलंदाज, गोलंदाज, यष्टिरक्षक असे चौकोन, आणि खूण एकाच चौकोनात करायची! यष्टिरक्षकावर खूण केलेला मुलगा पॅड बांधून सकाळभर फिरकीमागे उकिडवा बसतो. फलंदाजीला त्याचा नंबर लागतो तेव्हा जेवणाची वेळ झालेली असते, चेंडूची शिवण उसवलेली असते आणि चांगले गोलंदाज सावलीला गेलेले असतात. पाच-सहा चेंडू, की ‘नेक्स्ट’. स्लिपमध्ये त्याचे हात कुणी पाहतच नाही. संघात यष्टिरक्षक एकच लागतो, त्यामुळे दुसरा कितीही चांगला असला तरी घरी जातो.

यावर निवडकर्त्यांचे उत्तर ठरलेले: 2017 पासून नियमाने बदली खेळाडूलाही पंचांच्या संमतीने यष्टिरक्षण करता येते, मग अकरात दुसरा कशाला? पण बदली खेळाडूला फलंदाजी करता येत नाही, हे ते सोयीस्करपणे विसरतात. प्रशिक्षकही धुतल्या तांदळासारखे नाहीत. ‘कीपर दमतो’ म्हणून त्याला आठव्या क्रमांकावर ढकलायचे आणि मग त्याच्या धावा होत नाहीत म्हणून कुरकुरायचे, हा तालुक्यातला नेहमीचा प्रकार.

तेव्हा प्रशिक्षकांनी पाऊस ओसरण्याची वाट पाहू नये. आठवड्यातला एक दिवस यष्टिरक्षकाला ग्लोव्हजशिवाय स्लिपमध्ये उभे करावे. नेटमध्ये नवा चेंडू त्यालाही खेळायला द्यावा, सराव सामन्यात पहिल्या चारांत पाठवावे. आणि अर्जावर बेलाशक दोन खुणा कराव्यात. तेवढ्यासाठी अर्ज परत आला, तर त्याची प्रत या मासिकाकडे पाठवावी. ती जशीच्या तशी छापली जाईल.