शोध कोणी कोणाचा लावला? : श्यू फंग आणि आपली चित्रपटसमीक्षा

मराठीतील चित्रपटविषयक गंभीर लेखन वाचताना एक व्याकरणिक गोष्ट आमच्या वारंवार ध्यानात येते. दिग्दर्शकांच्या वाट्याला क्रियापदे येतात आणि नटीच्या वाट्याला विशेषणे. दिग्दर्शक रचतात, मोडतात, प्रश्न उपस्थित करतात. नटी मोहक असते, गूढ असते, फार तर संयत असते. आदरार्थी बहुवचनही बहुधा एकाच बाजूला खर्ची पडते. ही केवळ शैलीची बाब असती तर आम्ही ती सोडून दिली असती. परंतु ह्या सवयीमुळे इतिहासच चुकीचा लिहिला जातो, असे आमचे म्हणणे आहे. त्यासाठी आम्ही तैवानच्या अभिनेत्री आणि निर्मात्या श्यू फंग यांचे उदाहरण घेतो.

श्यू फंग यांच्याविषयी रसास्वादाच्या टिपणांतून ज्या दोन-चार ओळी येतात, त्यांचा साचा ठरलेला आहे. किंग हू ह्या थोर दिग्दर्शकाने त्यांचा शोध लावला. 'अ टच ऑफ झेन'मध्ये त्यांना अमर केले. पुढे त्यांनी एका धनाढ्य उद्योगपतीशी विवाह करून पडद्याचा निरोप घेतला. आणि कालांतराने चेन काइगे यांच्या 'फेअरवेल माय काँक्युबाइन'ला आर्थिक पाठबळ दिले. ह्यांतील एकेक वाक्य सुटे वाचले तर त्याला सपशेल खोटे म्हणता येणार नाही. पण चारही वाक्ये मिळून जी व्यक्ती उभी राहते ती कोणीतरी उचललेली, घडवलेली, वरलेली आणि अखेरीस चेकवर सही करणारी अशी आहे. अशी व्यक्ती अस्तित्वात नव्हती.

श्यू फंग यांचा जन्म १९५०चा. वडील लवकर गेले, घरची स्थिती ओढग्रस्तीची होती. मिळवते होण्याच्या गरजेपोटी, विशीही गाठलेली नसताना त्या युनियन फिल्म ह्या तैवानी कंपनीच्या नटभरतीला सामोऱ्या गेल्या आणि निवडल्या गेल्या. किंग हू तेव्हा 'कम ड्रिंक विथ मी' (१९६६) करून, हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्सशी फारकत घेऊन तैवानात ह्याच कंपनीकडे आले होते. त्यांच्या 'ड्रॅगन इन'मध्ये (१९६७) श्यू फंग यांना लहानशी भूमिका मिळाली. ह्याला जर 'शोध' म्हणायचे असेल, तर मुलाखतीला बसलेल्या निवड समितीने आम्हा अध्यापकांचाही शोध लावला असे म्हणावे लागेल. चरितार्थासाठी दारावर थाप मारणाऱ्या मुलीची थाप ह्या शब्दात पुसली जाते आणि दार उघडणारा तेवढा उरतो.

आता 'अ टच ऑफ झेन'कडे वळू. साहित्याच्या विद्यार्थ्यांना हा चित्रपट माध्यमांतराच्या अभ्यासासाठी दाखवावा असाच आहे. तैवानात तो १९७० आणि १९७१ मध्ये दोन भागांत प्रदर्शित झाला. एकत्रित लांबी तीन तासांहून अधिक. आधार आहे पू सोंगलिंग ह्या सतराव्या शतकातील लेखकाच्या अद्भुतकथासंग्रहातील एका छोट्या कथेचा. तेथे एक गरीब विद्वान आहे, त्याची आई आहे, आणि शेजारी राहायला आलेली, वृद्ध आईला सांभाळणारी एक अबोल तरुणी आहे. ती त्याला मूल देते, बापाचा सूड उगवते आणि निघून जाते. मूळ कथेत ह्या तरुणीला नावसुद्धा नाही. चित्रपटात तिला यांग हुइझेन हे नाव मिळते, मारल्या गेलेल्या प्रामाणिक अधिकाऱ्याची मुलगी ही ओळख मिळते, मिंग राजवटीच्या गुप्त पोलिसांचा ससेमिरा मिळतो. हे सारे पटकथेचे, म्हणजे किंग हू यांचे श्रेय. ते नाकारण्याचे कारण नाही.

परंतु पटकथेने जे दिले नाही तेही पाहिले पाहिजे. कथेतील तरुणी आपल्या वागण्याचे कारण स्वतःच्या तोंडाने सांगते. मी असे का केले ह्याचा खुलासा ती विद्वानाला करते. चित्रपटात हा भार बहुतांशी श्यू फंग यांच्या चेहऱ्यावर येऊन पडतो. पहिला जवळजवळ तासभर तलवार निघतच नाही. पडकी गढी, वाढलेले गवत, भुताटकीची वदंता आणि शेजारी आलेली एक बाई, एवढ्यावर प्रेक्षकाला धरून ठेवायचे आहे. ती गरीब आहे, दबून आहे, की कोणावर तरी पाळत ठेवून आहे, हे कळू द्यायचे नाही. पण यातले काहीतरी आहे हे मात्र जाणवू द्यायचे. श्यू फंग यांची स्थिर, न हलणारी नजर हे काम करते. पुढे तीच नजर लढवय्या स्त्रीची म्हणून उघड होते तेव्हा आपण मागची सगळी दृश्ये मनात पुन्हा लावून पाहतो. कथेतील रहस्य उलगडते ते असे. अभिनयाचे किंवा युद्धकलेचे रीतसर शिक्षण नसलेल्या विशीतील मुलीने हे केले आहे, हे लक्षात घ्यावे.

ह्यावर एक ठरावीक आक्षेप येतो, आणि तो जाणकारांकडूनच येतो. किंग हू यांची युद्धदृश्ये संकलनातून जन्मतात. झेप, कापड, पाऊल, पाते असे तुकडे इतक्या वेगाने जोडलेले असतात की नटाच्या शरीराला स्वतंत्र अर्थ उरत नाही. तो संकलकाच्या हातातील कच्चा माल असतो. वेळूच्या बनातील ती सुप्रसिद्ध लढाई ह्याच्या पुराव्यादाखल दाखवली जाते. आम्ही ती लढाई अनेकदा पाहिली आहे, आणि आमचा निष्कर्ष नेमका उलट आहे. दृश्य जितके तुकड्यांत फोडलेले, तितकी त्याला एखाद्या न बदलणाऱ्या गोष्टीची गरज अधिक. ह्या लढाईत ती गोष्ट म्हणजे श्यू फंग यांचा चेहरा. झेप कशी घेतली गेली हे आपल्याला नीट दिसत नाही, पण कोणी घेतली आणि कोणत्या निर्धाराने, ह्याविषयी क्षणभरही संशय राहत नाही. कच्च्या मालात निर्धार नसतो. १९७५ मध्ये कान महोत्सवाने ह्या चित्रपटाचा तांत्रिक कामगिरीसाठी गौरव केला, तो योग्यच होता. मात्र त्या गौरवाने पुढच्या समीक्षेला जणू दिशा लावून दिली. तंत्राची चर्चा सुरू झाली आणि चेहरा मागे पडला.

जाता जाता दुसऱ्या बाजूलाही चार शब्द सुनावणे आम्हाला आवश्यक वाटते. अलीकडे विद्यार्थ्यांच्या निबंधांत ही नायिका 'स्त्रीसबलीकरणाचे प्रतीक' म्हणून अवतरते. तलवार हाती आली की स्त्री सबल झाली, हा हिशेब फारच स्वस्त आहे. प्रतीक झाल्यावर नटीने काय केले हे पाहण्याची गरजच संपते. पूजा आणि उपेक्षा ह्यांत येथे फारसा फरक उरत नाही.

'किंग हू यांची नायिका' हे बिरुदही तपासून पाहण्यासारखे आहे. किंग हू यांच्या 'द फेट ऑफ ली खान'मध्ये (१९७३) श्यू फंग नायिका नाहीत. त्या मंगोल सरदाराची निष्ठुर बहीण आहेत. 'द व्हॅलियंट वन्स'मध्ये (१९७५) जवळजवळ मूक असलेली लढवय्यी पत्नी. 'रेनिंग इन द माउंटन'मध्ये (१९७९) मठातील पोथी चोरायला आलेली चोर, आणि त्याच वर्षीच्या 'लेजंड ऑफ द माउंटन'मध्ये मायावी स्त्री. एकाच दिग्दर्शकाच्या हाताखाली इतक्या परस्परविरोधी भूमिका करणाऱ्या नटीला आपण एका साच्याची बाहुली समजतो, हे आमच्या आकलनापलीकडचे आहे. त्याहून बोलकी गोष्ट अशी, की तैवानचा मानाचा गोल्डन हॉर्स पुरस्कार सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून त्यांना दोनदा मिळाला, १९७६ मध्ये 'असॅसिन'साठी आणि १९८० मध्ये 'द पायोनियर्स'साठी. ह्यांतील एकही चित्रपट किंग हू यांचा नाही. आपल्या टिपणांत हे दोन्ही चित्रपट सहसा सापडत नाहीत. दिग्दर्शकाच्या नावाने इतिहासाची कपाटे लावली की जे कोणत्याच कप्प्यात बसत नाही ते जमिनीवर पडते.

त्यानंतर विवाह आणि पडद्यापासून दूर जाणे. पती तांग चुन-निएन हे मोठे उद्योजक होते, आणि १९८४ मध्ये श्यू फंग यांनी टॉमसन ही चित्रनिर्मिती संस्था उभारली तेव्हा त्या संपत्तीचा आधार होता, हे उघड आहे. आमच्या एका स्नेह्यांनी चर्चेत हाच मुद्दा काढला: पैसा नवऱ्याचा, मग कर्तृत्व कसले? ह्यावर आमचा प्रतिप्रश्न असा, की पैसेवाले उद्योगपती हाँगकाँग-तैपेईत काय थोडे होते? त्यांच्यापैकी किती जणांच्या घरून 'रेड डस्ट' निघाला? यिम हो दिग्दर्शित आणि सानमाओ ह्या लेखिकेने लिहिलेल्या ह्या चित्रपटाला १९९० मध्ये आठ गोल्डन हॉर्स पुरस्कार मिळाले. त्यात सर्वोत्कृष्ट चित्रपट होता, आणि सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून लिन चिंग-श्या यांचा पुरस्कारही होता. एका अभिनेत्रीने निर्माती होऊन दुसऱ्या अभिनेत्रीसाठी आणि एका लेखिकेसाठी जागा केली, ह्यावर लेख लिहावा असे कोणाला वाटत नाही.

'फेअरवेल माय काँक्युबाइन'ची हकिकत तर आपल्या समजुतीला सरळ छेद देणारी आहे. हा चित्रपट चेन काइगे यांना सुचला आणि मग त्यांनी पैसे देणारे शोधले, असे आपण गृहीत धरतो. घडले ते वेगळे. हाँगकाँगच्या लेखिका लिलियन ली यांची ही कादंबरी चित्रपटासाठी हेरली ती श्यू फंग यांनी. १९८८ मध्ये चेन काइगे 'किंग ऑफ द चिल्ड्रन' घेऊन कानला आले असता त्या त्यांना भेटल्या आणि ही कादंबरी त्यांच्यापुढे ठेवली. चेन यांनी लगेच होकार दिला नाही. त्यांचे मन वळवावे लागले. तोपर्यंत ते मितभाषी, थोड्या प्रेक्षकांच्या चित्रपटांसाठी ओळखले जात. पेकिंग ऑपेराच्या दोन नटांची पन्नास वर्षे व्यापणारी, गर्दीची, भावनांनी दुथडी भरून वाहणारी कथा त्यांच्याकडून होईल, हे त्यांच्याआधी एका जुन्या नटीने ओळखले. नटांच्या घडणीविषयीची कादंबरी तिने निवडावी, ह्यात आम्हाला योगायोग दिसत नाही.

शिवाय काळ कोणता होता? तैवानातील लष्करी कायदा १९८७ मध्ये नुकताच उठला होता. सामुद्रधुनीच्या दोन्ही बाजूंचे संबंध संशयाने ग्रासलेले होते आणि १९८९ मध्ये बीजिंगमध्ये तिआनमेनचे हत्याकांड घडले. अशा वेळी तैवानी निर्माती, हाँगकाँगमध्ये नोंदलेली कंपनी, हाँगकाँगची कादंबरी आणि तेथील लेस्ली च्युंग, मुख्य भूमीवरील दिग्दर्शक, गाँग ली आणि बीजिंगचा स्टुडिओ, ही मोट बांधायची होती. हक्क, परवाने, नटसंच, भाषा, सेन्सॉर, प्रत्येक ठिकाणी तिन्ही प्रदेशांचे राजकारण आडवे येणार होते. ह्याला 'आर्थिक पाठबळ' म्हणणे म्हणजे संपादकाला कागदाचा पुरवठादार म्हणणे होय. चित्रपट चीनमध्ये प्रदर्शित होऊन मागे घेतला गेला आणि काटछाट करून पुन्हा लागला. ऑस्करच्या शर्यतीत तो उतरला हाँगकाँगच्या नावावर. तीन प्रदेशांनी मिळून केलेल्या ह्या चित्रपटाच्या नोंदीत तैवानच्या वाट्याला फारसे काही आले नाही, आणि जे आले असते ते श्यू फंग यांच्या नावानेच आले असते.

१९९३ मध्ये ह्या चित्रपटाला कानचे सर्वोच्च पारितोषिक, पाम द'ऑर मिळाले. चिनी भाषेतील चित्रपटाला मिळालेले ते पहिले. त्या वर्षी ते विभागून दिले गेले, आणि दुसरा चित्रपट होता जेन कॅम्पियन यांचा 'द पियानो'. कॅम्पियन ह्या पारितोषिकाच्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक म्हणून प्रत्येक पाठ्यपुस्तकात आहेत, आणि ते रास्तच आहे. पण त्याच संध्याकाळी दुसऱ्या विजेत्या चित्रपटामागेही एक स्त्री उभी होती, ही गोष्ट मात्र नोंदीत राहत नाही. कारण ती दिग्दर्शक नव्हती.

श्यू फंग यांना निर्दोष ठरवण्याचा आमचा इरादा नाही. चेन काइगे यांच्याबरोबरचा त्यांचा पुढचा 'टेम्प्ट्रेस मून' (१९९६) आम्हाला ओढूनताणून भव्य केलेला वाटतो. तेच दिग्दर्शक, तीच गाँग ली, तेच लेस्ली च्युंग एकत्र आणले की तेच घडेल, ही अपेक्षा निर्मात्याचीही असू शकते आणि तिचे अपयशही निर्मात्याच्या खाती मांडावे. कर्तृत्व मान्य करायचे तर चुकांसकट. 'तिने फक्त पैसे दिले' ह्या वाक्याने त्यांना चुकांतूनही मोकळे केले जाते, हे त्या वाक्याच्या समर्थकांच्या लक्षात येत नसावे.

किंग हू १९९७ मध्ये निवर्तले. त्यांच्या चित्रपटांच्या जुन्या प्रती फिकट, ओरखडलेल्या होत्या. वेळूबनातील हिरवा आणि धुके ह्यांतला भेदही त्यांत धड कळत नसे. 'अ टच ऑफ झेन'ची नव्याने सिद्ध केलेली प्रत २०१५ मध्ये कानच्या अभिजात विभागात दाखवली गेली. आज वर्गात आपण जी स्वच्छ प्रत लावतो आणि जिच्या आधारे किंग हू यांच्या प्रतिमासृष्टीवर व्याख्याने देतो, ती हीच. ह्या पुनरुज्जीवनाचा खर्च श्यू फंग यांनी उचलला. २०१७ मध्ये गोल्डन हॉर्सने त्यांना जीवनगौरव दिला.

आमच्या विभागात दाखवल्या जाणाऱ्या चित्रपटांची एक यादी असते. तिच्यात चित्रपटाचे नाव, वर्ष, देश आणि दिग्दर्शक असे चार रकाने होते. निर्माता आणि प्रमुख कलावंत असे आणखी दोन रकाने आम्ही त्यात घातले आहेत, आणि इतर महाविद्यालयांतील सहकाऱ्यांनीही आपापल्या याद्या ह्या दृष्टीने तपासाव्यात असे आमचे आवाहन आहे. जागा कमी पडते अशी तक्रार येईल. देशाचा रकाना थोडा अरुंद करावा. 'फेअरवेल माय काँक्युबाइन'पुढे तेथे काय लिहायचे, हे तसेही अद्याप ठरलेले नाही.