मातीचा बैल नांगर ओढत नाही

काष्टीत बसून माथेरानच्या गाडीवर कशाला लिहितोस, असं एकानं विचारलं. "कांद्याला भाव नाही, पाण्याचे वांधे, आणि तुला इंजिनाचं पडलंय!" उत्तर जरा लांब आहे, पण वाचा.

नॅरोगेज ही मुंबईकरांची मौज नाही, ती आपल्या भागाची गोष्ट आहे. आपल्या शेजारच्या दौंडहून बारामतीला जाणारी गाडी नॅरोगेजच होती. पुढं कुर्डुवाडी. तिथून 1897 साली बार्शी लाईट रेल्वे सुरू झाली. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअरनं ती उभारली. पुढं हीच लाईन पंढरपूर, लातूर आणि मिरजेपर्यंत गेली. किती वारकरी तिनं विठ्ठलाच्या दारात नेऊन सोडले असतील, हिशेब नाही. हाच कॅलथ्रॉप माथेरान लाईनचा सल्लागार होता. तिला पैसा सरकारचा नव्हता. सर आदमजी पीरभॉय यांनी 16 लाख रुपये घातले, मुलगा अब्दुल हुसेन यानं काम तडीस नेलं आणि 1907 साली गाडी डोंगरावर चढली.

ती ओढायला जर्मनीच्या ओरेनस्टाईन अँड कोपेल कंपनीची चार छोटी इंजिनं आली. रूळ अवघे दोन फूट रुंद. चढ असा की वीस फूट पुढं गेलं की एक फूट वर. आणि वळणं अशी की साधं इंजिन रुळावरून उतरेल. म्हणून या इंजिनांची पहिली आणि शेवटची चाकं वळणावर रुळाप्रमाणं बाजूला सरकतील अशी केली होती. शंभर वर्षांपूर्वीची ही अक्कल आहे. आज पाहिली तरी फिटर माणूस टोपी काढील.

1980 च्या दशकाच्या सुरुवातीला ही इंजिनं थांबली, डिझेल आलं. आता एक दिल्लीच्या रेल्वे संग्रहालयात, एक थेट इंग्लंडात लेटन बझर्डच्या हौशी लोकांकडं, एक नेरळला चौथऱ्यावर. रंग मारला, हार घातला, फोटो काढला, संपलं.

आपण शनिवारच्या बैलबाजाराची माणसं आहोत. पोळ्याला मातीचे बैल आपणही पुजतो, पण त्यांना नांगराला जुंपत नाही. चौथऱ्यावरचं इंजिन हा मातीचा बैल आहे. आणि डिझेल इंजिनाला वाफेच्या इंजिनाचा साज चढवणं म्हणजे ट्रॅक्टरला शिंगं लावण्यासारखं. पर्यटकाला एवढा बावळट समजू नका.

साहेब लोक म्हणतात, सुटे भाग मिळत नाहीत, परवडत नाही. मग निलगिरीला कसं जमलं? तिथं तर तिरुचिरापल्लीच्या गोल्डन रॉक कारखान्यात रेल्वेनं वाफेची नवी इंजिनं बांधली. जुनं दुरुस्त केलं असं नाही, नवीन बांधली! दार्जिलिंगला शंभरी ओलांडलेली इंजिनं आजही धावतात. दार्जिलिंग 1999 ला, निलगिरी 2005 ला, कालका-शिमला 2008 ला जागतिक वारशात गेली. माथेरान अजून संभाव्य यादीतच ताटकळतंय. रेल्वे तीच, मंत्रालय तेच. मग कमी कुठं पडतं? मागणाऱ्यांत. तामिळनाडूची माणसं मागतात, आपण सेल्फी काढतो.

लाईन आधी सुरक्षित हवी, हे मान्यच. 2005 च्या पावसानं ती वाहून गेली, 2019 च्या पावसानंतर 2022 पर्यंत पूर्ण मार्ग बंद होता. माथेरानात मोटारींना बंदी, त्यामुळं गाडी थांबली की तिथल्या माणसाचं पोट थांबतं. पण रूळ दुरुस्त करणं आणि इंजिन जिवंत ठेवणं यात भांडण कुठं आहे?

आता आपल्या कामाचं. माथेरानच्या डब्यांची दुरुस्ती कुर्डुवाडीच्या कारखान्यात झालेली आहे. नॅरोगेजचं हाड तिथं आहे. नेरळचं इंजिन तिथं न्या, तपासा, चालू करा. चालू होण्यासारखं नसेल तर त्याच्या मापावर नवीन बांधा. आयटीआयची आपली पोरं हाताखाली घ्या. बॉयलरचं काम पुस्तकात वाचून येत नाही, जुन्या हाताजवळ उभं राहूनच येतं. ते जुने हात रिटायर होत चाललेत. दहा वर्षांनी पैसा मिळेल, शिकवणारा मिळणार नाही.

नगर, सोलापूर, रायगडचे खासदार कुठल्याही पक्षाचे असोत, एक पत्र एकत्र लिहायला काय हरकत आहे? तुमच्या ओळखीचा कोणी असेल तर त्याला ही पोस्ट पाठवा. लाईक नको, पत्र पाहिजे.