हिऱ्याची मोड किती येते?



या सदरात आपण बियाणे, खते, रोग-किडी यांविषयी बोलतो. आजचा विषय निराळा आहे, आणि तो निघाला आहे माझ्याच एका चुकीतून.

२०१९ च्या मे महिन्यातली गोष्ट. माझ्या फिरतीच्या गावात एका केळी बागायतदाराच्या घरी लग्न होते. घरातले वडील माणूस, त्यांना सगळे आप्पा म्हणतात, होणाऱ्या सुनेसाठी कानातले घ्यायला जळगावला निघाले होते. एस. टी. स्टँडवर भेटले. म्हणाले, "साहेब, पोरं हिऱ्याचं घ्या म्हणतात. पुढं अडीनडीला मोडता येईल ना?" मी एका दमात सांगून टाकले, "आप्पा, हिरा तो हिराच. सोन्यासारखा कधीही मोडता येतो." बी. एस्सी. कृषी झालेल्या माणसाने केळीवरच्या करप्याबद्दल बोलावे. पण लोक विचारतात आणि आम्हाला सांगायची सवय लागते.

२०२४ च्या फेब्रुवारीत आप्पांच्या विहिरीवरची मोटार जळाली. केळी घडावर आलेली, ऊन वाढत चाललेले. नवी मोटार आणि पाइप मिळून पन्नास हजारांची गरज होती. सुनेने आपण होऊन कानातले काढून दिले. आप्पांनी मला बरोबर घेतले. "तुम्हीच म्हणाला होतात," एवढेच बोलले, पण मला ते पुरे होते.

पावती होती ५८,४६३ रुपयांची. ज्या दुकानातून घेतले तिथे म्हणाले, "रोख मिळणार नाही, बदल्यात दुसरा दागिना घ्या." दुसऱ्या दुकानदाराने सोन्याचे पैसे देऊ केले आणि खड्यांचे काहीच धरणार नाही म्हणाला. तिसऱ्याने भिंगातून पाहिले, सोन्याचे २९,००० आणि सगळ्या खड्यांचे मिळून ६,००० सांगितले. म्हणजे ३५,०००. आप्पांनी पुडी परत खिशात टाकली. येताना गाडीत आम्ही दोघेही गप्प होतो.

त्या गावचा एक भाचा बारा वर्षे सुरतेला घंटीवर, म्हणजे हिरे घासायच्या चाकावर, कामाला होता. जगातल्या दहा हिऱ्यांपैकी नऊंना पैलू आपल्या देशात पडतात, आणि त्यांतले बहुतेक सुरतेत. तो सुट्टीवर आला तेव्हा मी त्याला एक संध्याकाळ बसवून घेतले. पुढे सराफीतल्या जाणत्या माणसांनाही विचारत राहिलो. जे कळले ते सांगतो.

आधी 'कॅरट' या शब्दाचा घोळ काढू. सोन्याचा कॅरट म्हणजे शुद्धता. २४ कॅरट शुद्ध, २२ म्हणजे शेकडा ९१.६ आणि १८ म्हणजे शेकडा ७५. हिऱ्याचा कॅरट हे वजन आहे. एक कॅरट म्हणजे २०० मिलिग्रॅम, ग्रॅमचा पाचवा हिस्सा. त्याचे शंभर भाग केले की एक सेंट. हा शब्द कॅरब नावाच्या शेंगेच्या झाडाच्या बीवरून आला आहे. आपल्याकडे सराफ गुंजेच्या बीने तोलत, आठ गुंजांचा मासा आणि बारा माशांचा तोळा, तोच प्रकार. जगभर सोन्या-हिऱ्याचे वजन शेवटी कुठल्या तरी बियाण्यावरच आले, हे पाहून कृषी खात्यातल्या माणसाला बरे वाटते.

आता आप्पांची पावती उलगडू. कानातल्यांचे एकूण वजन ६.५०० ग्रॅम. त्यात बारीक हिरे मिळून अर्धा कॅरट, म्हणजे फक्त ०.१०० ग्रॅम. राहिले ६.४०० ग्रॅम सोने, तेही १८ कॅरटचे, कारण २२ कॅरटचे सोने मऊ पडते आणि खडा घट्ट धरून ठेवायला कडक सोने बरे. ६.४०० चे पाऊण म्हणजे शुद्ध सोने ४.८०० ग्रॅम. तेव्हाच्या ३,२०० रुपये ग्रॅम भावाने त्याचे १५,३६० होतात. हिरे ७०,००० रुपये कॅरट दराने ३५,०००. घडणावळ ६,४००. या सगळ्यावर ३ टक्के जी. एस. टी., १,७०३ रुपये. म्हणजे ५८ हजारांच्या दागिन्यात सोने होते जेमतेम १५ हजारांचे. ही फोड पावतीवर छापलेली होती. आप्पांनी ती वाचली नाही, आणि त्यांनी दाखवली असती तरी मी वाचली असती असे छातीठोकपणे सांगवत नाही.

पाच वर्षांनी सोन्याचा भाव ६,२०० च्या आसपास होता. त्याच ४.८०० ग्रॅमचे २९,७६० झाले, त्यातून थोडी घट वजा करून तिसऱ्या दुकानदाराने २९,००० सांगितले. ते बरोबरच होते. घडणावळ आणि कर तर कुणालाच परत मिळत नाहीत. पडले ते हिरे. ३५,००० चे ६,०००. तेवढ्याच पैशांत साधे २२ कॅरटचे सोने घेतले असते, तर बारा टक्के घडणावळ आणि कर जाऊनही १५-१६ ग्रॅम शुद्ध सोने घरात आले असते आणि २०२४ मध्ये त्याचे ९८ हजारांच्या घरात झाले असते. सोने नेहमी चढतेच असे मी म्हणत नाही, ते पडलेलेही लोकांनी पाहिले आहे. पण पडले तरी त्याला त्या दिवशीचा एक भाव असतो. जळगावात जो तोच जवळपास नाशकात.

हिऱ्याला असा एक भाव नसतो. प्रत्येक खडा वेगळा, आणि त्याची प्रत चार गोष्टींवर ठरते: वजन, रंग, आतली स्वच्छता आणि पैलू. रंगाची प्रतवारी इंग्रजी 'डी' या अक्षरापासून 'झेड'पर्यंत जाते. 'डी' अगदी पाण्यासारखा, पुढे पुढे पिवळट झाक वाढत जाते. स्वच्छता दहापट दाखवणाऱ्या भिंगाखाली पाहतात, आत डाग किती, कुठे, किती मोठे. पैलू नीट पडले नसतील तर वजनदार खडाही मंद दिसतो.

पण फसगत होते ती वजनात. डाळिंबाची प्रतवारी आठवा. मोठ्या फळाला किलोमागे जो भाव मिळतो तो बारीक फळाला मिळत नाही, वजन काट्यावर सारखे भरले तरी. हिऱ्यात हे कितीतरी पटींनी खरे आहे. एक कॅरटचा एक खडा आणि दहा-दहा सेंटचे दहा खडे यांचे वजन एकच, किंमत मात्र खूपच वेगळी. म्हणून 'एकूण वजन अर्धा कॅरट' असे पावतीवर दिसले तर लगेच विचारावे, खडे किती आहेत? आप्पांच्या कानातल्यांत छत्तीस होते. एकेक खडा दीड सेंटाचाही नव्हता.

असे बारीक खडे दुकानदार परत का घेत नाही, हेही भाच्याने समजावले. त्याला सुरतेहून किंवा मुंबईहून तसेच नवे खडे, एकसारखे निवडलेले, घाऊक भावाने आणि उधारीवर मिळतात. तुमचे घ्यायचे तर ते कोंदणातून उपटायचे, धुवायचे, एकेक तपासायचा, त्यात एखादा कडेला उडालेला निघायचा. केळीचा शिवारातला भाव आणि मुंबईच्या गाडीवरचा डझनाचा भाव यांतले अंतर तुम्हाला ठाऊक आहे. हिरा घेताना आपण गाडीवर उभे असतो, विकताना शिवारात. व्यापाऱ्यांमध्ये १९७८ पासून रॅपापोर्ट नावाची भावांची यादी चालते, तीही घासलेल्या हिऱ्यांची आणि डॉलरमध्ये. सौदे बहुधा त्या यादीपेक्षा इतके टक्के खाली अशा भाषेत होतात.

त्यात आता नवी भर पडली आहे ती कारखान्यात तयार होणाऱ्या हिऱ्यांची. हिऱ्याचीच एक पातळ चकती घेतात, तिला म्हणतातही 'बी', आणि यंत्रात तिच्यावर कार्बनचे थर वाढवतात. हा काचेचा खोटा खडा नव्हे. रचनेने तो हिराच असतो. डोळ्यांनी किंवा साध्या भिंगाने खाणीतला कोणता नि यंत्रातला कोणता हे ओळखता येत नाही, दुकानात टोचून पाहायचे छोटे यंत्रही दोघांना हिराच म्हणते. फरक प्रयोगशाळेतल्या उपकरणांवर कळतो. आणि बी पेरून जे वाढवता येते त्याच्या भावाचे काय होते, हे शेतकऱ्याला कुणी शिकवायला नको. डी बीअर्स या जगातल्या मोठ्या हिरे कंपनीने २०१८ मध्ये असे हिरे कॅरटला ८०० डॉलरने विकायला काढले आणि २०२५ मध्ये तो धंदाच बंद करत असल्याचे जाहीर केले. या मालाचे भाव कोसळत गेले आणि २०२२ नंतर खाणीतल्या हिऱ्यांचे भावही उतरले. हौस म्हणून कमी पैशांत मोठा खडा हवा असेल तर तो जरूर घ्या, दिसायला सुंदरच असतो. पण पावतीवर 'प्रयोगशाळेत तयार केलेला' असे लिहून घ्या, आणि मोडीचे पैसे मनात धरू नका.

दाखल्यांबद्दल दोन शब्द. हॉलमार्क आणि त्यासोबतचा सहा अक्षर-अंकांचा एच. यू. आय. डी. हा सोन्याच्या शुद्धतेचा दाखला आहे. १ एप्रिल २०२३ पासून तो नसलेला दागिना सराफाला विकता येत नाही, काही सवलती सोडल्या तर. भारतीय मानक ब्यूरोच्या 'बीआयएस केअर' या मोबाइलवरच्या सोयीत तो क्रमांक घालून पाहता येतो. पण तो हिऱ्याविषयी अवाक्षर सांगत नाही. हिऱ्याचा दाखला जी. आय. ए. किंवा आय. जी. आय. यांसारख्या प्रयोगशाळेचा असतो आणि त्यात प्रत लिहिलेली असते, किंमत नव्हे. दुकानाकडून कधी 'मूल्यांकन' म्हणून मोठा आकडा लिहिलेला कागद मिळतो. तो विम्याला उपयोगी पडेल, पण त्या आकड्याने कोणी विकत घेईल असे त्यात कुठेही म्हटलेले नसते. बँकेचेही तसेच. सोनेतारण कर्ज देताना खड्यांचे वजन वजा करतात, आणि रिझर्व्ह बँकेच्या २०२५ च्या निर्देशांतही मूल्य फक्त सोन्याचेच धरायचे आहे.

मध्य प्रदेशातल्या पन्ना जिल्ह्यात सरकार आठ मीटर बाय आठ मीटरचा तुकडा खणायला भाड्याने देते, कित्येक शेतकरी-मजूर तिथे नशीब काढतात. सापडलेला हिरा सरकारी कार्यालयात जमा करायचा, तिथे लिलाव होतो आणि सरकारचा हिस्सा कापून बाकीची रक्कम सापडणाऱ्याला मिळते. २०२४ च्या जुलैत तिथे १९.२२ कॅरटचा खडा निघाला, तेव्हा अंदाज ८० लाखांच्या वर सांगितला गेला. तिथेही अंदाज हा अंदाजच, खरा आकडा लिलावात बोली लागते तेव्हाच. बाजार समितीत आपण वेगळे काय पाहतो?

तेव्हा घरी दागिना असेल तर आधी आपणच हिशेब मांडा. एकूण वजनातून खड्यांचे वजन काढा. कॅरटला पाचाने भागले की ग्रॅम येतात. राहिलेल्या सोन्याची शुद्धता धरा, त्या दिवशीच्या भावाने गुणा. हा आकडा तुमचा हक्काचा, यातून थोडी घट जाईल एवढेच. दुकानदाराला वजन आणि शुद्धता आपल्यासमोर यंत्रावर दाखवायला सांगा. खड्यांपुढे शून्य लिहा. नंतर तीन ठिकाणी जा, आणि 'याची किंमत किती' असे न विचारता 'आत्ता रोख किती द्याल' असे विचारा. जे मिळेल ते वरचे. एकच मोठा, अर्ध्या कॅरटच्या पुढचा, दाखल्यासह खडा असेल तर गोष्ट थोडी बरी असते, म्हणून तो दाखला आणि पावती जमिनीच्या कागदांसोबत जपून ठेवा. हिरा खरा की खोटा म्हणून हातोडीचा घाव मात्र घालून पाहू नका. हिऱ्यावर ओरखडा उठत नाही हे खरे, पण घावाने तो फुटतो. या परीक्षेत चांगले हिरे गेले आहेत.

आणि नवा घेत असाल तर पैसे देण्यापूर्वी पावतीची मागची बाजू वाचा. परत घेताना किती टक्के देणार, ते टक्के कोणत्या रकमेवर, रोख की फक्त बदली, खड्यांनाही लागू की नाही. तोंडी सांगतात ते लिहून मागा.

आप्पांच्या मोटारीचे सांगायचे राहिले. घरी आल्यावर त्यांनी कानातले सुनेच्या हातात परत दिले. आप्पांच्या मंडळींनी न बोलता आपल्या पाटल्या काढल्या. चार तोळ्यांच्या, जुन्या, एकही खडा नसलेल्या. सोसायटीच्या शेजारच्या बँकेत त्या तारण ठेवून त्याच दुपारी पैसे मिळाले आणि चौथ्या दिवशी पाणी सुरू झाले. केळी गेल्यावर पाटल्या सुटल्या. सून ते कानातले लग्नकार्यात घालते, तिला शोभतातही.

गेल्या वर्षी धाकट्याचे लग्न ठरले तेव्हा आप्पा दुकानातला अंदाजाचा कागद घेऊन आधी माझ्याकडे आले. हिऱ्याची एक बारीक चमकी, नाकातली, हौसेसाठी. बाकी सगळे साधे सोने. कागद त्यांनी मला दिला नाही, स्वतःच वाचून दाखवला, खड्यांचे वजन वजा करून.