झटपट हिरवाई आणि दम्याचे रुग्ण

दुभाजकावर किंवा सोसायटीच्या कुंपणालगत दोन-तीन वर्षांत हिरवीगार भिंत उभी करणारे झाड म्हणजे कोनोकार्पस. हे मूळचे आपल्याकडचे नाही. खारट जमीन आणि कडक ऊन सोसून ते भराभर वाढते, धूळ-वारा अडवते. म्हणून आखाती देशांत, कराचीत आणि आपल्या शहरांतही ते लावले गेले.

गुजरात सरकारने मात्र सप्टेंबर २०२३मध्ये वनक्षेत्रात आणि त्याबाहेरही या झाडाच्या लागवडीवर बंदी घातली. मुळे केबल, जलवाहिन्या व गटारांचे नुकसान करतात आणि हिवाळ्यातील परागकणांमुळे सर्दी, खोकला, दमा बळावतो, ही त्यामागची कारणे.

यातले तथ्य किती? इराणमधील रुग्णांत या परागकणांची ॲलर्जी तपासण्यांतून आढळली आहे. पण ॲलर्जी सगळ्यांनाच होत नाही. धूळ आणि वाहनांचा धूर जागच्या जागी ठेवून प्रत्येक खोकल्याचे खापर झाडावर फोडणेही चूक. लक्षणे दर हिवाळ्यात ठरावीक ठिकाणीच वाढत असतील, तर तपासणी करून घ्यावी. दम्याचा पंप मनाने बंद करू नये.

उभी झाडे घाईने तोडण्यापेक्षा ती फुलण्याआधी छाटावीत, नवी लावू नयेत. करंज, बकुळ, ताम्हण सावकाश वाढतात; पण त्यांचे परागीभवन मुख्यतः कीटक करतात, त्यामुळे हवेत पराग कमी उडतो. वृक्षारोपणाच्या आकड्यांत श्वासाचाही हिशेब हवा.