हप्ता किती, की कर्ज किती?



आपल्या बेटावर कोणी घर बांधायला काढले की आप्तेष्ट दोन प्रश्न हमखास विचारतात. पहिला, 'दाल कधी ओतणार?' (नव्या पिढीच्या भारतीय पाहुण्यांसाठी सांगतो, ही ताटातली डाळ नव्हे. आपल्या क्रिओल बोलीत काँक्रीटच्या छपराला दाल म्हणतात.) आणि दुसरा, 'महिन्याला हप्ता किती बसतो?' हप्ता पगारात मावला की सर्वांचे समाधान होते. ते घर शेवटचा हप्ता भरेपर्यंत एकंदर कितीला पडणार, असे विचारणारा माणूस आम्हांला फार क्वचित भेटला आहे. बँकेतला गृहस्थही ते आपणहून सांगायला उत्सुक नसतो.

आपल्या लोकांना पक्क्या घराची ओढ का, हे आम्ही जाणतो. १९६० च्या जानेवारीत आलिक्स आणि फेब्रुवारीअखेर कॅरोल, अशी दोन चक्रीवादळे आली आणि पत्र्याची, लाकडाची, गवताची घरे उडून गेली. ज्यांनी त्या रात्री काढल्या, त्यांनी मुलांना एकच शिकवले, की डोक्यावर काँक्रीट पाहिजे. १९६३ साली गृहकर्जासाठी सरकारी हाउसिंग कॉर्पोरेशन निघाले आणि मजूर-कारकुनांच्या घरांतही कर्ज हा शब्द उजळ माथ्याने वावरू लागला. त्यात वाईट काही नाही. पण कर्ज घेणे आपण शिकलो, ते मोजणे मात्र शिकलो नाही, असे आमचे मत आहे.

यावर आता लिहिण्याचे कारण घडले ते जर्मनीतल्या ड्रेस्डेन शहरामुळे. एल्बे नदीकाठचे हे शहर सॅक्सनी प्रांताची राजधानी आहे. १९४५ च्या फेब्रुवारीत बॉम्बवर्षावाने त्याचा मध्यभाग जळून गेला आणि पुढे तो दगडावर दगड ठेवून पुन्हा उभारला गेला. आज तिथे संगणकाच्या सूक्ष्म चिप्सचे मोठमोठे कारखाने आहेत. तैवानच्या टीएसएमसी कंपनीच्या भागीदारीतल्या नव्या कारखान्याची पायाभरणीही २०२४ च्या ऑगस्टमध्ये तिथेच झाली. आमच्या परिचयातील एका घरचा मुलगा इंजिनियर होऊन तिथे नोकरीला लागला आहे. त्याला फ्लॅट घ्यायचा आहे. बँक कर्ज द्यायला राजी आहे, पण खरेदीचा वरखर्च तुमचा तुम्ही आणा, असे तिचे म्हणणे. तेव्हा वडिलांच्या मनात आले, की आपले इथले फिटलेले घर पुन्हा गहाण टाकून मुलाला ती रक्कम पाठवावी. ते कागद घेऊन आमच्याकडे आले. 'गुरुजी, एवढा हिशेब पाहून द्या.' आम्ही पाहिला. गोल आकड्यांत तो असा आहे.

कर्ज तीन लाख युरो, व्याज वर्षाला ४ टक्के. जर्मन बँका हप्ता ठरवताना व्याजात मुद्दलफेडीचा टक्का मिळवतात. पहिल्या वर्षी मुद्दल २ टक्के फेडायचे ठरले, तर दोन्ही मिळून ६ टक्के, म्हणजे महिन्याला १,५०० युरो. मुलाच्या पगारात हे बसते, आणि इथेच बहुतेकांचा हिशेब संपतो. पण पहिल्या हप्त्यातले १,००० युरो व्याजात जातात आणि कर्ज कमी होते ते अवघे ५०० ने. पुढे मुद्दल घटते तसे व्याज घटते आणि फेड वाढते, पण अगदी मुंगीच्या पावलांनी. दहा वर्षांत मुलगा एकूण १,८०,००० युरो भरील. त्यांतले सुमारे १,०६,००० व्याजाचे. दहा वर्षांनंतरही सुमारे २,२६,००० युरो देणे उरेल. साडेसत्तावीस वर्षांनी कर्ज फिटेल, तोवर तीन लाखांच्या कर्जापायी पाच लाखांना पाच हजार कमी इतके युरो गेलेले असतील.

जर्मन कागदात एक गोष्ट मात्र आम्हांला फार आवडली. व्याजाचा दर बहुधा दहा वर्षांपुरता, कधी पंधरा-वीस वर्षांपुरता बांधून दिलेला असतो, आणि त्या मुदतीच्या अखेरीस किती कर्ज शिल्लक राहील तो आकडा करारावर वेगळा छापलेला असतो. त्याला ते रेस्टशुल्ड म्हणतात. 'शुल्ड' म्हणजे कर्ज, आणि त्याच शब्दाचा दुसरा अर्थ दोष किंवा अपराध असाही होतो. आपल्याकडे ऋण हा शब्द देवांचा, ऋषींचा, पितरांचा म्हणून मानाचा झाला. त्यांच्याकडे तो अपराधाच्या शेजारी बसला. भाषांचे स्वभाव असे निराळे असतात. असो.

दर बांधलेला असतो तो दहा वर्षांपुरता, कर्ज मात्र त्याहून कितीतरी लांब असते. यातला धोका कळण्यासाठी २०२१ साली कर्ज घेतलेल्या माणसाचा हिशेब पाहा. तेव्हा जर्मनीत दहा वर्षांच्या बांधील दराने एक टक्क्याच्या आसपास कर्ज मिळत असे. तीन लाखांवर १ टक्का व्याज आणि २ टक्के फेड, म्हणून हप्ता फक्त ७५० युरो. लोकांना वाटले, पैसा फुकट मिळतो आहे. पण व्याज कमी असले म्हणजे दरमहा सुटणारे व्याजही थोडेच असते आणि त्यामुळे फेडीला वेगच येत नाही. आमच्या विद्यार्थ्यांना हे उलटे वाटते, म्हणून फळ्यावर करून दाखवावे लागते. ४ टक्क्यांचे कर्ज साडेसत्तावीस वर्षांत फिटते आणि त्याच २ टक्के फेडीचे १ टक्का व्याजाचे कर्ज साडेचाळीस वर्षे चालते! २०३१ साली या माणसाच्या डोक्यावर २,३७,००० युरोंच्या आसपास कर्ज असेलच. २०२२ च्या अखेरीस दर चार टक्क्यांजवळ पोचले होते. २०३१ मध्ये ते तसेच असले, तर त्याला नव्या करारात २ टक्के फेडीसह महिन्याला सुमारे १,१८५ युरो भरावे लागतील. दहा वर्षे नेमाने भरूनही हप्ता दीडपटीहून जास्त.

आता त्या वरखर्चाकडे येऊ, कारण वडिलांचे घर गहाण पडणार होते ते त्याच्यासाठी. सॅक्सनीत घरखरेदीवरचा कर २०२२ अखेरपर्यंत साडेतीन टक्के होता, २०२३ पासून तो साडेपाच टक्के झाला. तीन लाखांच्या फ्लॅटवर १६,५०० युरो. नोटरी आणि जमिनीच्या नोंदवहीचे दीड-दोन टक्के. दलाल मध्ये असला तर त्याचे साडेतीन टक्क्यांच्या आसपास. सगळे मिळून तेहतीस हजार युरोंच्या घरात जाते, युरोला पन्नास रुपये धरले तर साडेसोळा लाख रुपये. या पैशातून भिंतीत एक वीटही वाढत नाही. म्हणजे बापाचे घर गहाण पडणार ते मुलाच्या घरासाठी नव्हे, तर त्याच्या करासाठी आणि दलालीसाठी! उद्या मुलाची नोकरी दुसऱ्या शहरात गेली आणि फ्लॅट विकावा लागला, तर हे पैसे कोणी परत देणार नाही. दर बांधलेल्या मुदतीत घर विकून कर्ज मोडले, तर बुडालेल्या व्याजाची भरपाई बँक वेगळी मागते. दहा वर्षे पूर्ण झाल्यावर मात्र सहा महिन्यांची सूचना देऊन भरपाईवाचून मोकळे होण्याचा हक्क तिथल्या कायद्याने दिला आहे.

आपल्याकडे हे वेगळ्या रीतीने घडते. आपल्या बहुतेक कर्जांचा दर बांधलेला नसतो, बँक ऑफ मॉरिशसच्या मुख्य दराबरोबर तो वरखाली होतो. २०२२ च्या आरंभी हा दर १.८५ टक्के होता, डिसेंबरात ४.५० झाला. एका वर्षाच्या आत! वीस लाखांचे, तीस वर्षांचे कर्ज ५ टक्क्यांनी घेतले तर हप्ता १०,७३६ रुपये. दर अडीच टक्क्यांनी चढून साडेसात झाला आणि मुदत तीच ठेवायची म्हटली, तर सुरुवातीच्या कर्जावर तो १३,९८४ होतो. अनेकदा बँक हप्ता न वाढवता मुदत लांबवते. घरातल्या माणसाला काही कळतही नाही, आणि साठीला फिटायचे कर्ज सत्तरीपर्यंत जाते.

५ टक्के दर तीस वर्षे जागचा हलला नाही असे धरले, तरी निम्मे कर्ज फिटायला वीस वर्षे आणि वर दोन महिने लागतात. पंधरा नव्हे, वीस. हे आम्ही शिक्षकांच्या खोलीत सांगितले तेव्हा दोघांनी आपापली पासबुके काढून पाहिली. तेच कर्ज वीस वर्षांत फेडायचे ठरवले तर महिन्याला सुमारे अडीच हजार जास्त भरावे लागतात, पण एकूण भरण्यात सात लाखांच्या आसपास वाचतात. आणि तीस वर्षांच्याच कर्जात दर डिसेंबरच्या बोनसमधून एक जादा हप्ता मुद्दलात टाकला, तर कर्ज साडेचार वर्षे आधी फिटते आणि तीन लाखांहून अधिक व्याज सुटते. जर्मनीतही वर्षाला ठराविक मर्यादेत असे जादा पैसे भरण्याची सोय करारात मागून घेता येते. मागितली नाही तर मिळेलच असे नाही.

कोणी म्हणेल, गुरुजी कर्जाची भीती घालतात, मग भाड्यानेच राहावे काय? ड्रेस्डेनमधील बहुसंख्य लोक भाड्यानेच राहतात. पण त्याच शहराने २००६ साली जे केले, ते भाडेकरूलाच नव्हे, कर्जाला भिणाऱ्या प्रत्येकाला ऐकण्यासारखे आहे. तिथल्या नगरपालिकेच्या मालकीची वोबा नावाची गृहकंपनी होती, तिच्याकडे सुमारे ४८,००० घरे होती. शहराने ती सगळी कंपनी अमेरिकेच्या फोर्ट्रेस या गुंतवणूक कंपनीला विकली. कंपनीवरचे कर्ज धरून किंमत १.७ अब्ज युरोंहून थोडी अधिक ठरली. आलेल्या पैशातून शहराने आपले सगळे कर्ज फेडले आणि जर्मनीतले पहिले कर्जमुक्त मोठे शहर म्हणून वाहवा मिळवली.

पुढे काय झाले? भाडेकरूंच्या रक्षणाच्या अटी पाळल्या जात नाहीत म्हणून २०११ साली शहरालाच खरेदीदाराविरुद्ध कोर्टात जावे लागले, पुढल्या वर्षी तडजोड झाली. २०१५ साली ही घरे वोनोव्हिया या बलाढ्य कंपनीच्या ताब्यात गेली. गरिबांसाठी घरे कमी पडू लागली, तेव्हा २०१७ साली शहराने नवी गृहकंपनी काढली, म्हणजे विकलेलाच धंदा पुन्हा पहिल्यापासून मांडला. २०२४ साली वोनोव्हियाकडून सुमारे १,२०० घरे परत विकत घेतली, त्यांना नव्वद लाखांच्या दसपट, म्हणजे जवळजवळ नऊ कोटी युरो पडले. २००६ साली एक घर सरासरी छत्तीस हजारांच्या आसपास गेले होते. परत घेताना त्याला सत्तर हजारांहून अधिक मोजावे लागले. मधल्या अठरा वर्षांत महागाई झाली आणि ही घरे सगळ्या ४८,००० ची सरासरी नव्हेत, हे खरे. तरीही कर्ज झटक्यात संपवण्याचीही किंमत असते आणि तीही वर्षानुवर्षे फेडावी लागते, हे त्या शहराने अनुभवले.

म्हणून आमचा सल्ला घर घेऊ नका असा नाही. त्या वडिलांना आम्ही सांगितले, की फिटलेल्या घराला हात लावू नका. ते घर कॅरोलनंतर तुमच्या वडिलांनी उभे केले, त्याच्या छपरावर वरच्या मजल्यासाठी सोडलेल्या सळया गंजल्या तरी चालतील. मुलाने दोन-तीन वर्षे भाड्याने राहावे आणि वरखर्च स्वतः साठवावा. नोकरी त्याच शहरात टिकते का, एल्बेकाठची जागा असेल तर पुराचा विमा कितीला मिळतो, हेही पाहावे. (२००२ च्या ऑगस्टमध्ये एल्बेचे पाणी तिथे ९.४० मीटरवर गेले होते. आपल्याला वादळ, त्यांना नदी.) मग कर्ज घेताना २ ऐवजी ३ टक्के फेड मागावी. हप्ता १,५०० चा १,७५० होईल, पण ४ टक्के दराने कर्ज एकवीस वर्षांत फिटेल आणि पन्नास हजार युरोंच्या आसपास वाचतील. १,७५० झेपत नसतील, तर तो फ्लॅट त्याच्यासाठी महाग आहे. वडिलांना हे सगळेच पटले असे नाही. 'लोक काय म्हणतील, मुलगा युरोपात आणि घर भाड्याचे?' असे ते म्हणाले. लोक हप्ता भरायला येत नाहीत, एवढेच आम्ही म्हणालो. त्यांनी नोटरीकडे जायचा दिवस तूर्त पुढे ढकलला आहे.

शाळेत चक्रवाढ व्याजाचे गणित आपण तीन वर्षांपर्यंत सोडवून घेतो आणि पुढे जातो. आयुष्यात येते ते तीस वर्षांचे. या सत्रात आम्ही वरच्या वर्गाला ते तीस वर्षांचे देणार आहोत, आकडेमोडीचे यंत्र वापरायची मुभा देऊन. पालकांनी मुलांबरोबर घरच्या कर्जाचा कागद पाठवला तर बरे होईल. नाव झाकून पाठवावा. आम्हांला पाहिजेत ते फक्त चार आकडे: शिल्लक मुद्दल, आजचा दर, उरलेली मुदत, आणि गेल्या वर्षी भरलेल्या पैशांतले व्याज किती.