होज निवडतो कोण?

एप्रिल-मे लागला की घाटमाथ्यावरच्या गॅरेजांना जाहिरात करावी लागत नाही. खंडाळा घ्या, कसारा घ्या, आंबा घ्या. पाच माणसं, टपावर सामान, एसी चालू आणि दुसऱ्या गिअरमध्ये रखडत वर आलेली जुनी गाडी बॉनेट उघडून उभी असते. पुढचं आपल्या सगळ्यांना पाठ आहे. वरचा होज फाटलेला, त्याला फडकं गुंडाळलेलं, रेडिएटरमध्ये मिळेल ते पाणी ओतलेलं. मग पोऱ्या फाटका होज घेऊन दुकानात पळतो. दुकानदार तो हातात धरून जाडी आणि वाकण डोळ्यांनी जुळवतो, शेल्फवरचा एक काढून देतो आणि अर्ध्या तासात गाडी मार्गाला लागते.

या अर्ध्या तासात होज निवडला कोणी? दुकानदाराने. त्याने इंजिन पाहिलेलं नाही, रेडिएटर बदललेला आहे का हे त्याला ठाऊक नाही, कॅप किती किलोची आहे हेही ठाऊक नाही. हेड, पंप आणि रेडिएटर ज्याच्या भरवशावर चालतात तो भाग आपण काउंटरवर सोपवून मोकळे होतो, आणि दोन महिन्यांनी तीच गाडी परत आली की ‘माल डुप्लिकेट निघाला’ म्हणतो. कधी कधी तो निघतोही. पण दर वेळी नाही.

हे आत्ता मांडायचं कारण म्हणजे आपल्याकडे येणाऱ्या गाड्यांचं वय वाढतं आहे. १५ वर्षं झालेल्या मोटारीच्या फेरनोंदणीची फी एप्रिल २०२२ पासून ६०० रुपयांवरून ५,००० झाली. वर पर्यावरण कर, वर पासिंगची धावपळ. एवढं करून पाच वर्षांची मुदतवाढ घेणारा मालक गाडी विकायच्या विचारात नसतो, त्याला ती चालवायची असते. शेवटची मारुती ८०० जानेवारी २०१४ मध्ये बनली, म्हणजे आज रस्त्यावर असलेली प्रत्येक ८०० दहा वर्षांच्या पुढची आहे. अशा गाडीतले होज एक तर मूळचे असतात, नाही तर तीन वेगवेगळ्या हातांनी तीन वेगवेगळ्या वेळी बसवलेले. दुसरा प्रकार जास्त त्रासाचा.

होज बाहेरून काही सांगत नाही. वरून काळाभोर, तुकतुकीत, कुठे चीर नाही, असा होज घाटात उभा फाटतो तेव्हा मालकाला वाटतं की आपल्याला फसवलं. कारण आतलं असतं. लोखंडाचा ब्लॉक, अ‍ॅल्युमिनियमचं हेड, पितळेचा किंवा अ‍ॅल्युमिनियमचा रेडिएटर आणि मध्ये कूलंट मिळून एक बॅटरीच तयार होते. तिचा सूक्ष्म प्रवाह होजच्या आतल्या थरात बारीक चिरा पाडतो. चिरांतून पाणी आतल्या धाग्याच्या जाळीपर्यंत पोचतं, जाळी कुजते आणि एके दिवशी दाबाखाली सगळं एकदम सुटतं. हा बिघाड गेट्स कंपनीच्या इंजिनिअरांनी १९८०च्या दशकात उलगडला. त्यांनी सांगितलेली तपासणी आजही सगळ्यांत उपयोगाची आहे. इंजिन गार असताना होज मधोमध न दाबता क्लिपपासून दोन इंचांच्या आत अंगठा आणि बोटाने दाबायचा. मधला भाग आणि टोक यांच्या कडकपणात फरक लागला, किंवा बोटाला आत खाच जाणवली, तर तो होज संपला. चिरा टोकांपाशी सुरू होतात आणि आपण सवयीने मधोमध दाबून ‘चांगला आहे’ म्हणतो.

काढलेला होज फेकण्याआधी ब्लेडने उभा चिरून उघडा. आतली बाजू पुसा आणि उजेडात थोडी वाकवा. सरळ, उभ्या रेघा दिसतील, कुठे कुठे रेघेच्या तळाशी धाग्याची पांढुरकी कड दिसेल. नख घातलं तर रेघ उघडते. हा तुकडा गिऱ्हाइकाच्या हातात द्या. ‘बाकीचे तीनही बदला’ हे पटवायला त्याहून जास्त बोलावं लागत नाही, कारण बाकीचे तीन त्याच पाण्यात तितकीच वर्षं होते. वरचा होज, बायपास आणि हीटरच्या नळ्या आधी जातात, खालचा सहसा नंतर. तरीही एक गेला की संच बदलावा, असं आमचं स्पष्ट मत आहे. एकेक बदलत गेलं की गाडीतला सर्वांत जुना होज कोणता, हे पुढच्या मिस्त्रीला कळायला मार्ग राहत नाही.

आता निवड. कूलंटच्या होजचं रबर ईपीडीएम असतं. उष्णता, पाणी, ग्लायकॉल, हवेतला ओझोन हे सगळं ते सोसतं. तेल मात्र सोसत नाही. टॅपेट कव्हरमधून गळणारं ऑइल होजवर ठिबकत असेल तर नवा होजही फुगून मऊ पडणार, तेव्हा आधी गॅस्केट बदला. उलट बाजूने, पेट्रोलची नळी नायट्राइल रबराची असते. ती ‘तेवढ्यापुरती’ हीटरला लावलेली आपण सगळ्यांनी पाहिली आहे. ती तिथे कडक होते, तडकते. छापील खूण पाहायची सवय लावा. एसएई जे२० हे कूलंटच्या होजचं मानक आहे. खूण म्हणजे हमी नव्हे, पण ज्या होजवर कंपनीचं नाव, पार्ट नंबर, तारीख यातलं काहीच नाही, तो का घ्यायचा? जुन्या स्टॉकचा ‘ओरिजिनल’ही तपासून घ्या. बंद झालेल्या गाडीचा सीलबंद होज पाहून आनंद होतो खरा, पण रबर पाकिटातही म्हातारं होतं.

माप घेताना होणारी चूक मात्र अगदी साधी आणि रोजची आहे. आपण माप जुन्या होजचं घेतो. जुन्या होजचं तोंड वर्षानुवर्षं क्लिपखाली दबलेलं, ताणलेलं, कधी तेलाने फुगलेलं असतं. माप घ्यायचं ते नेकचं. व्हर्निअर लावा आणि दोन्ही टोकांचं वेगळं घ्या, कारण थर्मोस्टॅट हाउसिंगचं तोंड आणि रेडिएटरचं तोंड सारखंच असेल असं नाही, विशेषतः रेडिएटर बदललेला असेल तर. सैल होज क्लिप आवळून बसवला की त्याला घडी पडते आणि घडीतून पाणी झिरपतं. ३२ मिलिमीटर बोअरच्या होजवर ०.९ किलोच्या कॅपचा दाब आला की त्याला नेकवरून मागे ढकलणारा जोर सात किलोंच्या आसपास भरतो, आणि हा जोर थरथरणाऱ्या इंजिनवर तासन् तास असतो.

आकाराबाबत तडजोड करू नये. साच्यातून काढलेला होज जिथे वळतो तिथे त्याचा बोअर कायम राहतो. सरळ नळी वाकवून बसवली की वळणावर ती चपटी होते. घडीघडीचा युनिव्हर्सल होज घाटात गाडी खाली आणण्यापुरता ठीक. तो कायमचा म्हणून बसवणं हे आमच्या मते बिल फाडण्यासारखं काम नाही. खालच्या होजला तर तो लावूच नये, ती पंपाची ओढणारी बाजू आहे. तिथला होज मऊ असला तर जास्त आरपीएमला आत ओढला जातो, गाडी सपाटीवर तापते आणि गॅरेजमध्ये आयडलिंगला उभी केली की सगळं व्यवस्थित दिसतं.

मग साच्याचा होजच मिळत नसेल तर? हा प्रश्न पद्मिनी आणि अ‍ॅम्बेसेडर सांभाळणाऱ्यांचा आहे. कुर्ल्याला बनणाऱ्या पद्मिनीचे भाग मुंबईत एके काळी कुठल्याही नाक्यावर मिळत, कारण टॅक्सी तीच होती. शेवटची पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २००३ मध्ये ताडदेव आरटीओत नोंदली गेली आणि वीस वर्षांच्या नियमाने ऑक्टोबर २०२३ मध्ये रस्त्यावरून उतरली. टॅक्सी गेली की मागणी गेली, आणि मागणी नसलेल्या होजचा साचा कोण सांभाळणार? अशा वेळी दुसऱ्या गाडीच्या लांब होजमधून हवं ते वळण कापून घेणं हा उत्तम मार्ग आहे. पण कापायचं ते सरळ भागात. वळणावर कापलं तर तोंड लंबगोल येतं आणि क्लिप एका बाजूलाच बसते. कापण्याआधी जुना होज नव्यावर ठेवून खडूने खूण करा आणि इंजिन माउंटिंगवर हलतं तेवढी ढील ठेवा. माउंटिंग बसलेलं असेल तर आधी ते बदला, नाहीतर ओढ सगळी रेडिएटरच्या नेकवर येईल.

निळ्या-लाल सिलिकॉन होजबद्दल गिऱ्हाईक हल्ली स्वतःहून विचारतं. सिलिकॉन १८० अंशांपर्यंत तग धरतं हे खरं. पण आपल्या गाडीचं पाणी ९० ते १०० अंशांच्या घरात असतं आणि चांगलं ईपीडीएम १२५ अंश सहज सोसतं. ती जादा ताकद वापरायला जागाच नाही. उलट सिलिकॉनमधून पाण्याची वाफ हळूहळू बाहेर जाते, कूलंटची पातळी उतरते आणि मालक गळती शोधत बसतो. शिवाय ते मऊ असल्याने खाचांच्या साध्या क्लिपमध्ये घुसून कापलं जातं, त्याला आतून गुळगुळीत पट्टी असलेली क्लिप लागते. साचा कुठेच मिळत नसेल आणि कोणी त्या आकारात सिलिकॉनचा बनवून देत असेल तर जरूर घ्या. निव्वळ रंगासाठी नको.

बसवण्याबद्दल थोडक्यात. होज निघत नसेल तर स्क्रू ड्रायव्हर घालून उचकटू नका. ब्लेडने उभा चिरा, पण पातं नेकला लागू देऊ नका. प्लॅस्टिकच्या टाकीचा रेडिएटर दहा वर्षांत ठिसूळ झालेला असतो, पितळेचा नेक चेपला जातो. नेकवरचा खार आणि जुनं शेलॅक पॉलिश पेपरने काढा आणि नवं शेलॅक लावू नका. स्वच्छ नेक आणि बरोबर मापाचा होज यांना त्याची गरज नाही. होज चढायला ग्रीस किंवा ऑइलऐवजी कूलंटचं बोट किंवा साबणाचं पाणी लावा. क्लिप नेकच्या उंच कडेच्या मागे बसली पाहिजे. कडेवर बसली तर ती कितीही आवळा, एक दिवस सरकते. स्क्रूचं तोंड असं ठेवा की पुढच्या वेळी रेडिएटर न काढता पाना पोचेल. मूळची स्प्रिंगची क्लिप ताकद धरून असेल तर तीच परत लावा. इंजिन तापून गार होताना ती आपोआप घट्ट-सैल होते. वर्म क्लिपला ते जमत नाही, म्हणून पहिल्यांदा तापून गार झाल्यावर ती एकदा तपासावी लागते.

नवा होज महिन्याभरात फाटला तर दुकानदाराशी भांडण्याआधी कॅप पाहा. प्रेशरचा वॉल्व्ह चिकटला की दाब वाढत जातो. व्हॅक्यूमचा चिकटला तर रात्री गार झालेला होज सकाळी चपटा दिसतो. त्यानंतर गार इंजिन सुरू करून वरच्या होजला हात लावा. पाणी तापायच्या आधीच होज दगडासारखा कडक झाला तर हेड गॅस्केटमधून गॅस पाण्यात जातो आहे, मग कोणताही होज टिकणार नाही. बॅटरीच्या निगेटिव्हला मल्टीमीटर जोडून दुसरी पिन धातूला न लावता कूलंटमध्ये बुडवा. अ‍ॅल्युमिनियम हेडच्या इंजिनात ०.१ व्होल्टच्या आसपास ठीक, ०.३च्या वर गेलं तर अर्थिंग शोधा. पाण्याबद्दल नव्याने काय सांगायचं? बोअरचं पाणी खार धरतं. ‘उन्हाळ्यापुरता’ काढून ठेवलेला थर्मोस्टॅट पावसाळ्यातही परत बसत नाही, आणि त्या इंजिनचा काटा कधी जागेवर येत नाही.

काट्यावरून एक गोष्ट गिऱ्हाइकाला जरूर सांगावी. होज फुटून पाणी गेलं की सेन्सर कोरडा पडतो आणि काटा वर जाण्याऐवजी खाली येतो. ‘आता गार झाली’ म्हणून तो आणखी चार किलोमीटर चालवतो आणि आपल्याकडे वाकलेलं हेड येतं.

निवड आपल्या हातात घ्यायची तर मापं आपल्याकडे असायला हवीत. आज ती जुन्या मिस्त्रींच्या आणि काही काउंटरवाल्यांच्या डोक्यात आहेत, कुठे लिहिलेली नाहीत. म्हणून पुढच्या अंकापासून आम्ही एक तक्ता सुरू करत आहोत. बंद झालेल्या गाड्यांना दुसऱ्या कोणत्या गाडीचा होज, कुठून कापून, बसतो याचा. माहिती पाठवताना गाडी आणि इंजिन, दोन्ही नेकचं व्हर्निअरने घेतलेलं माप, वापरलेल्या होजचा पार्ट नंबर, कापलेली लांबी आणि किती किलोमीटर चालला एवढं लिहा. शेजारी पट्टी ठेवून जुन्या आणि नव्या होजचा एक फोटो जोडा. ऐकीव माहिती नको. जो होज तुम्ही स्वतः बसवला आणि किमान एक उन्हाळा चाललेला पाहिला, तोच पाठवा. सुरुवात पद्मिनी, अ‍ॅम्बेसेडर, ८०० आणि झेन यांच्यापासून.